अकरा सेकंद

पेनवेल हे नाव वेंगुर्ल्यात कुणाच्या जिभेवर बसेना,
म्हणून तो पानवेल सायब झाला.
गळ्यात दोरीला बांधलेलं स्टॉपवॉच,
बाजारात फसून घेतलेल्या दोन्ही डाव्या पायाच्या वहाणा,
आणि जत्रेत पहाटेपर्यंत
बाबांच्या पेटीशेजारी मांडी घालायची धडपड.

नवाबागच्या वाळूत त्यांचं शूटिंग:
गलबत फुटतं, एक गोरी बाई वाहत किनाऱ्याला लागते.
संगीत नंतर, तिकडे लंडनला व्हायचं होतं.
त्याचं इथे कामच नव्हतं.
समुद्र किती सेकंदांनी येतो ते बघायला आलो, म्हणाला.
दुभाषे होते गोम्स मास्तर.
त्यांनी सांगितलं, "सायब आंघोळीक इलो हा."

चित्र आधी आणि सूर मागून,
हे बाबांना दोन दिवस पटलं नाही.
मग स्वतःच हसले.
दशावतारात तरी काय वेगळं?
राजा रागावून उठला की पेटीनं उठायचं,
राक्षस धोतर सावरतोय तोवर भरून काढायचं;
कागद नाही, तालीम नाही,
नजर फक्त नटाच्या खांद्यावर.

गोम्स मास्तरांच्या ओसरीवर, माडीच्या तिसऱ्या ग्लासाला,
त्यानं आपला हिशेब मांडला.
खाणवाल्यांच्या चर्चमध्ये ऑर्गनचा भाता मारणारा पोर.
युद्धात बँड.
मग सरकारी माहितीपट, गाईच्या दुधावर:
तीन व्हायोलिनं, एक दुपार.
मग भुतांचे सिनेमे, सतरा.
दार उघडण्याआधीचे सात सेकंद ही त्याची खासियत,
लांबून माणसं त्यासाठी बोलवायची.
एका युद्धपटाचं चार महिन्यांचं काम
निर्मात्यानं जेवणाच्या सुट्टीत काढून टाकलं,
सोमवारी दुसऱ्याला दिलं.
बायको गेली त्या आठवड्यात बिस्किटांची जाहिरात.
"लोकांनी मला ऐकू नये
याचेच मला पैसे मिळतात."
या वेळी गोम्स मास्तरांनी काही चुकवलं नाही.

जाताना त्यानं बाबांकडे एक जागा मागितली:
संकासुर पडतो
आणि पेटी एकदाच मागे वळून बघते, ती.
पाच वेळा वाजवून घेतली, टेपवर.
अकरा सेकंद.
बदल्यात गळ्यातलं घड्याळ काढून दिलं.

तीन वर्षांनी सिनेमा सावंतवाडीला लागला.
एसटीनं गेलो सगळे, आईचं पातळ नवं.
गलबत फुटलं. बाई वाहत आली.
मी बोटांवर मोजत होते.
लाट. लाट.
तिकडे कुणीतरी लाटांचा आवाज वर चढवला होता.
खाली, पार तळाशी, काहीतरी कण्हलं,
पेटी असेल,
नाहीतर पुढच्या माणसाची खुर्ची.
नावं सुरू झाली तसे दिवे लागले,
लोक उठले, चपला शोधू लागले.
डोक्यांच्या फटीतून पेनवेल अर्धाच दिसला.
बाबांचं नाव नव्हतंच.

परतताना आई खिडकीकडे तोंड करून बसली.
मठच्या वळणावर बाबा म्हणाले,
"दर्या बोलता तेव्हा पेटयेन गप ऱ्हवाक होया.
सायबाक ह्या म्हायत आसतला."
तेव्हा मला ते खोटं वाटलं.
आता मी त्यांच्याहून मोठ्या वयाची आहे
आणि अजून ठरवता येत नाही.

परवा त्याच्या भाचीचं पत्र आलं.
शेवटची दोन वर्षं त्याला ऐकू येत नव्हतं,
तरी टीव्हीसमोर बसून बोटांनी मांडीवर वाजवायचा,
बहुधा दुसऱ्या कुणाच्या सिनेमाला.
पत्ता तिला एका जुन्या डायरीत मिळाला:
दाजी, पेटी, वेंगुर्ला. एवढाच.
पोस्टमननं आणून दिलं, हेच नवल.

घड्याळ बाबांनी पेजेसाठी वापरलं जन्मभर.
काच पिवळी झाली, काटा चालतो.
काल सकाळी समुद्राकडे तोंड करून मी बटण दाबलं.
कशासाठी, ते विचारू नका.
चुलीवर पेज उतू गेली तेव्हा लक्षात आलं,
ते थांबवायचं राहिलंय.